परकेपणाचा चेहरा : फ्रेंच चित्रपटसृष्टीतील चरित्र अभिनेता एरिक फॉन स्ट्रोहाइम

प्रस्तावना

चित्रपटाचा इतिहास सामान्यतः दिग्दर्शकांच्या आणि नायक-नायिकांच्या नावांभोवती लिहिला जातो. चरित्र अभिनेत्यांची नोंद त्यात ओझरती असते, आणि तो अभिनेता परदेशातून आलेला असेल तर ती दोन राष्ट्रांच्या इतिहासात विभागली जाऊन अधिकच विरळ होते. एरिक फॉन स्ट्रोहाइम (१८८५-१९५७) याच्या बाबतीत हेच घडलेले दिसते. अमेरिकन मूकपटांचा प्रतिभावंत, उधळ्या आणि हट्टी दिग्दर्शक म्हणून त्याच्यावर विपुल लिहिले गेले. परंतु १९३६ नंतरच्या सुमारे दोन दशकांत, मध्यंतरीची युद्धाची वर्षे वगळता, तो मुख्यत्वे फ्रान्समध्ये अभिनेता म्हणून वावरला. या कालखंडाकडे 'उतारवयातील उपजीविका' एवढ्याच दृष्टीने पाहण्याचा प्रघात आहे.

प्रस्तुत लेखात या प्रघाताची फेरतपासणी केली आहे. परभाषिक अभिनेत्याला यजमान देशाचा चित्रपट कोणत्या भूमिका देतो, त्या भूमिकांच्या चौकटीत अभिनेत्याला किती अवकाश मिळतो, आणि त्याने निर्माण केलेला 'परका' प्रेक्षकाला काय सांगतो, या तीन प्रश्नांच्या आधारे स्ट्रोहाइमच्या फ्रेंच कारकिर्दीचा परामर्श घेणे हा लेखाचा हेतू आहे.

'चरित्र अभिनेता' ही संज्ञा

नायक हा कथेचा भार वाहतो, तर चरित्र अभिनेता कथेला जग मिळवून देतो, असे ढोबळपणे म्हणता येईल. वकील, शिक्षक, पोलीस अधिकारी, सावकार, हेर अशा व्यक्तिरेखांमधून कथेतील समाज उभा राहतो. या अभिनेत्याचे सामर्थ्य सौंदर्यात नसून विशिष्टतेत असते. चालण्याची ढब, आवाज, बोलीतील हेल, एखादी लकब यांवर त्याची ओळख उभी राहते. हीच ओळख त्याचे भांडवल असते आणि हीच त्याची मर्यादाही असते. एकदा ती रूढ झाली, की निर्माते त्याला पुन्हा पुन्हा त्याच साच्यात बसवू पाहतात.

परदेशातून आलेल्या अभिनेत्याच्या बाबतीत हा साचा अधिकच घट्ट होतो. मूकपटांच्या काळात अभिनेत्याची मातृभाषा पडद्यावर ऐकू येत नव्हती, त्यामुळे रशियन इव्हान मोझ्झुखिन १९२०च्या दशकात फ्रेंच मूकपटांचा नायक होऊ शकला. बोलपट आल्यावर मात्र पहिल्याच वाक्यात परकेपणा उघडा पडू लागला. १९३०च्या दशकातील फ्रेंच बोलपटात परभाषिक उच्चाराला जागा होती, परंतु ती प्रामुख्याने हेर, गुन्हेगार, लष्करी अधिकारी, निर्वासित किंवा गूढ शास्त्रज्ञ यांच्यासाठी राखून ठेवलेली होती. स्ट्रोहाइमच्या वाट्याला यांपैकी बहुतेक सर्व भूमिका आल्या.

व्हिएन्ना ते हॉलीवूड : एका ओळखीची निर्मिती

स्ट्रोहाइमचा जन्म २२ सप्टेंबर १८८५ रोजी व्हिएन्ना येथे झाला. त्याचे वडील टोप्यांचा व्यवसाय करणारे ज्यू गृहस्थ होते. १९०९ मध्ये तो अमेरिकेत उतरला, तेव्हा त्याने आपल्या नावामागे सरदारकुळाचे निदर्शक असलेले 'फॉन' लावले, आणि आपण ऑस्ट्रियन उमराव घराण्यातील माजी लष्करी अधिकारी आहोत अशी कथा पुढे रचत नेली. ही कथा त्याने आयुष्यभर निभावली. तिचा खोटेपणा त्याच्या मृत्यूनंतर, १९६०च्या दशकात व्हिएन्नातील जन्मनोंदी तपासल्या गेल्यावर सिद्ध झाला.

हॉलीवूडमध्ये डी. डब्ल्यू. ग्रिफिथ याच्या चित्रपटांतील किरकोळ कामांपासून त्याने सुरुवात केली. पहिल्या महायुद्धाच्या काळात क्रूर जर्मन अधिकाऱ्याच्या भूमिका त्याला मिळाल्या आणि 'ज्याचा द्वेष करायला तुम्हांला आवडेल असा माणूस' या बिरुदाने त्याची जाहिरात होऊ लागली. १९१९ पासून तो दिग्दर्शक झाला. 'फूलिश वाइव्ह्ज' (१९२२) आणि 'ग्रीड' (१९२४) हे त्याचे विशेष गाजलेले चित्रपट. 'ग्रीड'ची त्याची मूळ प्रत सुमारे नऊ तासांची होती. निर्मितीसंस्थेने ती कापून दोन-अडीच तासांवर आणली. 'क्वीन केली'चे चित्रीकरण १९२९ मध्ये अर्ध्यावर थांबले. त्यानंतर दिग्दर्शक म्हणून त्याला दारे बंद होत गेली, आणि पन्नाशीच्या उंबरठ्यावर तो दुय्यम भूमिका व पटकथालेखन यांवर गुजराण करू लागला.

फ्रान्समधील आगमन

१९३६ च्या अखेरीस स्ट्रोहाइम फ्रान्समध्ये आला. तेथील चित्रपटसृष्टी त्या वेळी निर्वासितांनी गजबजलेली होती. १९१७ च्या क्रांतीनंतर रशियन कलावंत आले होते, आणि १९३३ मध्ये जर्मनीत नाझी सत्तेवर आल्यावर माक्स ओफ्युल्स, रॉबर्ट सिओडमाक, रॉबर्ट वीने असे दिग्दर्शक तेथे आश्रयाला आले होते. 'युल्तिमातोम' (१९३८) या चित्रपटाचे उदाहरण या संदर्भात बोलके आहे. त्याचे दिग्दर्शन वीने करीत होता, आजारपणात त्याचे निधन झाले आणि सिओडमाकने चित्रपट पूर्ण केला. त्यात स्ट्रोहाइमची प्रमुख भूमिका होती. अशा रीतीने एका फ्रेंच चित्रपटाची धुरा मध्य युरोपातील विस्थापितांच्या खांद्यांवर होती.

स्ट्रोहाइमचा पहिला फ्रेंच चित्रपट म्हणजे रेमों बेर्नार दिग्दर्शित 'मार्त रिशार' (१९३७). पहिल्या महायुद्धातील हेरगिरीच्या या कथेत एडविज फ्यूयेर हिच्यासमोर त्याने जर्मन अधिकारी रंगवला. म्हणजे हॉलीवूडने वीस वर्षांपूर्वी दिलेला साचाच फ्रान्सनेही प्रथम पुढे केला. परंतु त्याच वर्षी आलेल्या दुसऱ्या चित्रपटाने या साच्याचा अर्थ बदलून टाकला.

'ला ग्राँद इल्युझिओं' : साच्याचे मानुषीकरण

ज्याँ रेन्वार याचा 'ला ग्राँद इल्युझिओं' (महान भ्रम) जून १९३७ मध्ये प्रदर्शित झाला. पहिल्या महायुद्धात जर्मनांच्या ताब्यात असलेल्या फ्रेंच युद्धकैद्यांची ही कथा आहे. रेन्वार स्वतः त्या युद्धात टेहळणी विमानाचा वैमानिक होता, आणि आर्माँ पिंसार या वैमानिकाच्या पलायनांच्या हकिकती कथेच्या मुळाशी होत्या. 'फूलिश वाइव्ह्ज' हा रेन्वारचा अत्यंत आवडता चित्रपट होता. तो त्याने अनेकदा पाहिला होता आणि चित्रपटाकडे गांभीर्याने वळण्याच्या आपल्या निर्णयामागे त्याचा प्रभाव असल्याचे तो सांगत असे. ज्याच्यापासून शिकलो तोच आपल्या चित्रपटात अभिनेता म्हणून येत आहे, ही त्याच्या दृष्टीने असाधारण घटना होती.

मूळ पटकथेत जर्मन अधिकाऱ्यांच्या दोन किरकोळ भूमिका होत्या. एक विमान पाडणारा वैमानिक आणि दुसरा किल्ल्यातील तुरुंगाचा प्रमुख. स्ट्रोहाइम आल्यावर या दोन्हींची मिळून कॅप्टन फॉन राउफेनश्टाइन ही एकच व्यक्तिरेखा तयार झाली. पहिल्या भागात रुबाबदार वैमानिक असलेला राउफेनश्टाइन नंतर भेटतो तो जखमांनी जायबंदी होऊन, तुरुंगाधिकाऱ्याचे कमी प्रतीचे काम स्वीकारलेला माणूस म्हणून. गळ्याला आणि पाठीला आधार देणारा ताठ पट्टा, भाजलेले हात झाकणारे पांढरे हातमोजे, एका डोळ्यावरची काच या बाह्य खुणांच्या योजनेत स्ट्रोहाइमचा मोठा वाटा होता. दिग्दर्शक म्हणून तपशिलांसाठी त्याने निर्मात्यांशी भांडणे केली होती. आता तोच तपशिलांचा ध्यास स्वतःच्या शरीरापुरता उरला होता.

त्या पट्ट्याचा परिणाम लक्षात घेण्याजोगा आहे. त्यामुळे मान वळवता येत नाही, वाकताना संपूर्ण धड वाकवावे लागते, प्यालातील मद्य पिताना सारे शरीर मागे झुकवावे लागते. प्रशियन लष्करशहाची जी ताठ मान क्रौर्याचे चिन्ह म्हणून प्रेक्षकाला परिचित होती, ती येथे मोडलेल्या कण्याचे लक्षण ठरते. ताठरपणा तोच, पण त्याचा अर्थ उलटा होतो, आणि द्वेषाच्या जागी करुणा येते.

चित्रपटातील भाषाव्यवहारही या संदर्भात महत्त्वाचा आहे. रेन्वारने प्रत्येक पात्राला त्याची स्वतःची भाषा बोलू दिली. राउफेनश्टाइन आणि फ्रेंच सरदारपुत्र द ब्वाल्द्य (पिएर फ्रेने) हे परस्परांशी फ्रेंचमध्ये बोलतात, पण खास जिव्हाळ्याचे बोलायचे झाल्यास इंग्रजीकडे वळतात. इंग्रजी ही दोघांचीही मातृभाषा नाही. ती त्यांच्या वर्गाची, घोड्यांच्या शर्यतींची आणि युरोपीय उच्चभ्रू वर्तुळांची भाषा आहे. याउलट मारेशाल (ज्याँ गाबाँ) हा सामान्य कुटुंबातील अधिकारी भुयाराची माहिती इंग्रज कैद्याला सांगू पाहतो, तेव्हा भाषेअभावी ती पोहोचतच नाही. राष्ट्रांच्या सीमांपेक्षा वर्गाच्या सीमा अधिक पक्क्या असतात, हे सूत्र भाषेच्या माध्यमातून असे व्यक्त होते. सहकाऱ्यांचे पलायन साधावे म्हणून ब्वाल्द्य किल्ल्याच्या भिंतींवर चढतो, तेव्हा राउफेनश्टाइन त्याला परावृत्त करण्यासाठी इंग्रजीतच विनवतो, आणि अखेर त्याला स्वतःच गोळी घालावी लागते. त्याच्या मृत्यूनंतर किल्ल्यातील एकमेव फूल, खिडकीत जपलेले जिरेनियम, तो कात्रीने कापतो. त्या कृतीत एका वर्गाचा अंत सूचित होतो.

या प्रशियन सरदाराला जिवंत करणाऱ्या अभिनेत्याचे जर्मन मात्र इतक्या वर्षांच्या वापराअभावी गंजलेले होते. जर्मन संवाद त्याला परक्या भाषेचा धडा पाठ करावा तसे पाठ करावे लागले, असे रेन्वारने आत्मकथनात नमूद केले आहे. चित्रीकरणाच्या आरंभी दोघांमध्ये तीव्र मतभेद झाले, पण ते मिटल्यावर स्ट्रोहाइमने दिग्दर्शकाच्या सूचना काटेकोरपणे पाळल्या, असेही तो सांगतो.

आज हा चित्रपट पाहताना आणखी एक विसंगती जाणवते. कैद्यांमधील रोझेंथाल हा श्रीमंत ज्यू अधिकारी मार्सेल दालिओने साकारला आहे. दालिओ स्वतः ज्यू होता. राउफेनश्टाइन आपल्या वर्गाभिमानातून रोझेंथालच्या शब्दाला ब्वाल्द्यच्या शब्दाची किंमत द्यायला तयार नसतो. तो प्रसंग रंगवणारा अभिनेता स्वतः ज्यू टोपीव्यावसायिकाचा मुलगा होता, हे प्रेक्षकाला ठाऊक नव्हते. जर्मनीत या चित्रपटावर बंदी आली आणि गोबेल्सने त्याला चित्रपटांतील पहिल्या क्रमांकाचा शत्रू ठरवले. १९४० मध्ये दालिओला फ्रान्स सोडावे लागले. नाझींच्या प्रचारफलकांवर त्याचा चेहरा ज्यूंचा नमुना म्हणून झळकला, आणि ज्याने फ्रेंच चित्रपटात मानाचे स्थान मिळवले होते, तो 'कासाब्लांका' (१९४२) मध्ये जुगारगृहातील एका लहानशा भूमिकेत दिसला. एकाच चित्रपटातील दोन अभिनेत्यांची ही विरुद्ध दिशांची स्थलांतरे त्या काळाचे स्वरूप स्पष्ट करतात.

संशयित परका : अन्य महत्त्वाच्या भूमिका

'ला ग्राँद इल्युझिओं'च्या यशानंतर दोन-अडीच वर्षांत स्ट्रोहाइमने अनेक फ्रेंच चित्रपटांत कामे केली. पिएर शनालच्या 'लालिबी' (१९३७) मध्ये तो रंगमंचावर मनकवडेपणाचे प्रयोग करणारा प्राध्यापक विंक्लर आहे, आणि त्याच्यासमोर लुई जुवे पोलीस अधिकाऱ्याच्या भूमिकेत आहे. सिओडमाकच्या 'पिएज' (१९३९) मध्ये तो बुद्धिभ्रष्ट झालेला वेशभूषाकार आहे. या भूमिका लहान असल्या तरी स्मरणात राहतात. मात्र विवेचनाच्या दृष्टीने दोन चित्रपट विशेष लक्षणीय ठरतात.

पहिला म्हणजे क्रिस्तियाँ-जाकचा 'ले दिस्पारू द सँ-आजिल' (१९३८). पिएर व्हेरीच्या कादंबरीवर आधारलेली ही कथा पहिल्या महायुद्धाच्या तोंडावर एका निवासी शाळेत घडते. मुले एकामागून एक नाहीशी होऊ लागतात. स्ट्रोहाइमने येथे वॉल्टर हा इंग्रजीचा परदेशी शिक्षक रंगवला आहे. त्याचा चेहरा, उच्चार, एकलकोंडेपणा हे सारे प्रेक्षकाला संशयाकडे नेते, आणि शिक्षकांच्या खोलीतही तो संशयाचाच विषय आहे. मिशेल सिमोंने साकारलेला चित्रकलेचा शिक्षक परकीयांविषयीचा आपला द्वेष उघडपणे बोलून दाखवतो. प्रत्यक्षात गुन्ह्याचे धागेदोरे त्याच द्वेष करणाऱ्यापर्यंत पोहोचतात, तर वॉल्टर निर्दोष आणि मुलांचा हितचिंतक ठरतो. 'द्वेष करायला आवडेल असा माणूस' ही स्ट्रोहाइमची जुनी प्रतिमा दिग्दर्शकाने जाणीवपूर्वक वापरली आणि प्रेक्षकाला त्याच्याच पूर्वग्रहात पकडले. निर्वासितांविषयीचा रोष फ्रान्समध्ये वाढत असतानाच्या वर्षात ही योजना केवळ रहस्यकथेची क्लृप्ती उरत नाही. द्वेष्ट्या शिक्षकाची भूमिका करणारा सिमों स्वतः जिनिव्हात जन्मलेला स्विस होता, हेही येथे नोंदवण्याजोगे आहे. फ्रेंच ही मातृभाषा असल्याने त्याचे परकेपण कोणाच्या लक्षात येत नव्हते. परकेपणा पारपत्रापेक्षा उच्चारावरून ठरतो, याचा हा प्रत्यय होय.

दुसरा चित्रपट एडमोंद ग्रेव्हिलचा 'मनास' (१९४०). पॅरिसमधील एका हॉटेलात वेगवेगळ्या देशांची माणसे युद्धाच्या सावटाखाली दिवस काढत आहेत. त्यांत स्ट्रोहाइमने रंगवलेला प्राध्यापक हॉफमन हा ऑस्ट्रियन निर्वासित आहे. मागील युद्धात विद्रूप झालेला अर्धा चेहरा तो काळ्या मुखवट्याने झाकतो. १९३८ च्या मार्चमध्ये ऑस्ट्रियाचे स्वतंत्र अस्तित्व संपले होते. आपला गाव सोडून आलेला अभिनेता गाव गमावलेल्या माणसाची भूमिका करत होता, आणि त्याच्या बाबतीतही अर्धा चेहरा झाकलेलाच होता. स्ट्रोहाइमच्या स्वतःच्या जीवनाला सर्वाधिक जवळची भूमिका म्हणून हिचा उल्लेख करता येईल.

युद्धाचा आघात

१९३९ मध्ये स्ट्रोहाइमला फ्रान्समध्ये 'ला दाम ब्लाँश' या चित्रपटाचे दिग्दर्शन करण्याची संधी मिळण्याची चिन्हे होती. युद्धामुळे तो बेत मोडला आणि दिग्दर्शनाकडे परतण्याची त्याची आशा संपली. तो अमेरिकेला परतला.

तो निघून गेल्यावर त्याच्या चेहऱ्याचे काय झाले, हे ज्याँ दलानुआच्या मकाओ येथील जुगारगृहावरील चित्रपटावरून कळते. १९३९ मध्ये चित्रित झालेल्या या चित्रपटात तो शस्त्रांचा व्यापारी होता, आणि त्याच्यासोबत सेस्यू हायाकावा हा जपानी अभिनेता, म्हणजे फ्रेंच चित्रपटसृष्टीतील आणखी एक स्थलांतरित, प्रमुख भूमिकेत होता. जर्मन अमलाखालील फ्रान्समध्ये स्ट्रोहाइमचे दर्शन निषिद्ध असल्याने त्याचे सर्व प्रसंग पिएर रेन्वार या अभिनेत्याला घेऊन पुन्हा चित्रित करण्यात आले, आणि १९४२ मध्ये चित्रपट त्या स्वरूपात प्रदर्शित झाला. मूळ आवृत्ती युद्धानंतर पडद्यावर आली. हायाकावा मात्र युद्धकाळात फ्रान्समध्येच राहिला. एकाच चित्रपटातील दोन परकीयांपैकी कोणाचा चेहरा राहावा आणि कोणाचा पुसला जावा, हे अभिनयाच्या गुणवत्तेने ठरले नाही. ते राजकारणाने ठरवले.

अमेरिकेत या काळात त्याला पुन्हा जर्मन अधिकाऱ्यांच्याच भूमिका मिळाल्या. बिली वाइल्डरच्या 'फाइव्ह ग्रेव्ह्ज टू कैरो' (१९४३) मधील रोमेल ही त्यांतील उल्लेखनीय होय.

पुनरागमन आणि अखेरची वर्षे

युद्धानंतर स्ट्रोहाइम फ्रान्सला परतला आणि अभिनेत्री डनीज व्हेरनाक हिच्यासमवेत पॅरिसजवळील मोरपा येथे राहिला. शनालच्या 'ला फ्वार ओ शिमेर' (१९४६) मध्ये त्याने चलनी नोटांचे ठसे कोरणारा विद्रूप चेहऱ्याचा कारागीर रंगवला. एका अंध तरुणीवरील प्रेमापोटी तो गुन्ह्याकडे वळतो. स्ट्रिंडबर्गच्या नाटकावरील 'ला दाँस द मोर' (१९४८) मध्ये तो आणि व्हेरनाक पतिपत्नीच्या भूमिकांत होते. तथापि या काळातील अनेक चित्रपट सामान्य दर्जाचे होते आणि त्यांत स्ट्रोहाइमच्या नावाचा उपयोग अधिक, अभिनयाचा कमी झाला, हे मान्य करावे लागते.

१९४९ मध्ये तो वाइल्डरच्या 'सनसेट बुलेव्हार' (१९५०) साठी तात्पुरता हॉलीवूडला गेला. एकेकाळचा मोठा दिग्दर्शक, जो आता आपल्याच जुन्या नायिकेचा बटलर झाला आहे, अशी ही भूमिका होती, आणि त्या चित्रपटात 'क्वीन केली'तील दृश्यही दाखवले गेले. या भूमिकेसाठी त्याला सहायक अभिनेत्याच्या ऑस्करचे नामांकन मिळाले, परंतु ही भूमिका त्याला स्वतःला कधी रुचली नाही. फ्रान्समध्ये मात्र त्याच्याकडे दिग्दर्शक म्हणून आदराने पाहिले जात राहिले. पॅरिसच्या सिनेमातेक फ्राँसेजने त्याच्या सहभागाने 'द वेडिंग मार्च'ची प्रत ध्वनीसह सिद्ध केली. साशा गित्रीच्या 'नापोलेओं' (१९५५) मध्ये त्याने बेथोव्हेनची छोटी भूमिका केली. मृत्यूपूर्वी अल्पकाळ फ्रान्सने त्याला 'लेजिओं दोनर' हा सन्मान दिला. १२ मे १९५७ रोजी मोरपा येथे त्याचे निधन झाले.

निष्कर्ष

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात.

१. फ्रेंच चित्रपटाने स्ट्रोहाइमला दिलेल्या भूमिकांचा साचा हॉलीवूडपेक्षा मूलतः वेगळा नव्हता. फरक होता तो साच्यात मिळालेल्या स्वातंत्र्याचा. रेन्वार, क्रिस्तियाँ-जाक आणि ग्रेव्हिल यांनी त्याची रूढ प्रतिमा तपासणीसाठी वापरली.

२. परभाषिक उच्चार ही अभिनेत्याची उणीव मानली जाते. स्ट्रोहाइमच्या उत्तम भूमिकांत तीच आशयाची वाहक ठरते, कारण त्या भूमिकांचा विषयच आपण परक्याला कसे ओळखतो हा आहे.

३. दिग्दर्शक म्हणून झालेली त्याची हानी अभिनयातील यशाने भरून निघाली असे म्हणणे धाडसाचे ठरेल. परंतु दिग्दर्शकाची तपशीलदृष्टी त्याच्या अभिनयात उतरली, आणि त्यामुळे एक हलकी भूमिका चित्रपटाच्या केंद्रस्थानी येऊ शकली.

४. कलावंताचे स्थलांतर हा केवळ व्यक्तिगत चरित्राचा भाग नसतो. १९३७ ते १९४५ या काळात कोणता चेहरा पडद्यावर दिसेल, हे राज्यसत्तांनी ठरवले. चरित्र अभिनेत्यांचा इतिहास लिहिताना हे राजकीय परिमाण वगळता येत नाही.

समारोप

स्ट्रोहाइमने आयुष्यभर एक खोटी ओळख धारण केली होती, हे सत्य त्याच्या मृत्यूनंतर उघड झाले, तेव्हा काहींना ती निव्वळ फसवणूक वाटली. तथापि १९०९ मध्ये अमेरिकेच्या किनाऱ्यावर उतरलेल्या निष्कांचन ज्यू तरुणाला स्वतःच्या नावाने कोणती भूमिका मिळाली असती, हा प्रश्न विचारल्याशिवाय त्या खोटेपणाचे मूल्यमापन पूर्ण होत नाही. त्याने रचलेला उमराव हॉलीवूडने खलनायक म्हणून विकला. फ्रान्समध्ये, राउफेनश्टाइनच्या मोडलेल्या कण्यात आणि वॉल्टर गुरुजींच्या एकाकीपणात, त्याच उमरावाला माणूसपण लाभले. ज्या प्रेक्षकाने शाळेतील त्या परदेशी शिक्षकावर विनाकारण संशय घेतला, त्याला चित्रपट संपताना स्वतःविषयी थोडा विचार करावा लागला असेल, तर एका चरित्र अभिनेत्याचे कार्य सफल झाले असे मानावयास हरकत नाही.